शिंगांचा रंग

अण्णा गेल्यावर तेराव्याला आईने त्यांच्या वस्तू वाटून टाकल्या. हेल्मेट तेवढं मी मागून घेतलं. त्यांच्या मोटारसायकलवर आता मीच फोपनारला केळीच्या मळ्यात जात होते, आणि ते माझ्या डोक्याला नीट बसत होतं. पण गल्लीच्या तोंडाशी ते पांढरं हेल्मेट दिसलं की आईला क्षणभर अण्णाच येताहेत असं वाटायचं. शेवटी ती म्हणाली, रंग बदल, नाहीतर तेही देऊन टाक.

मला ते द्यायचं नव्हतं. त्याच्यावर केळीच्या चिकाचे काळपट डाग होते. घड कापून झाले की अण्णा हात न धुताच ते उचलायचे.

बैलांच्या शिंगांना लावायचा निळा ऑइलपेंट पोळ्यापासून घरात उरला होता, पण डब्यात घट्ट झाला होता. थोडं थिनर मागायला मी हेल्मेट घेऊन बुधवारा पेठेत चुडामणकाकांकडे गेले. त्यांचं गाड्या रंगवायचं दुकान. अण्णांचे ते शाळेपासूनचे मित्र, त्यांना नंदकुमार म्हणूनच हाक मारणारे. थिनरने आधी डाग पुसायचे, मग रंग पातळ करायचा, असा माझा बेत. तो ऐकून त्यांनी बाटली मागे ओढली.

"शिंगाचा रंग डोक्याला? आपल्यात बैल कोण, तू का मी?" मग हेल्मेट हातात घेऊन म्हणाले, "पोरी, थिनर प्लॅस्टिकला आतून खातं. वरून चकाचक दिसेल, अन् पडलीस तर मटक्यासारखं फुटेल."

हे कधी आपटलं होतं का, किती जुनं आहे, हे त्यांनी विचारलं. दोनच वर्षांचं होतं, कधी पडलं नव्हतं. अण्णा गेले ते आजाराने. मग हातातलं काम बाजूला ठेवून त्यांनी मला सगळं समजावलं. काच आणि आतली गादी काढायची, थर्माकोलला रंग लागू द्यायचा नाही. साबणाच्या पाण्याने धुऊन चमक जाईल एवढाच बारीक पॉलिशपेपर फिरवायचा. रंग पाण्यात मिसळणारा, थर पातळ, वाळवायचं सावलीत.

"आणि डाग?"

"राहू दे खाली. नंदकुमारचे हात आहेत ते."

त्यांनी दिलेला हिरवा रंग मी मागच्या ओसरीत दोन दिवस लावत होते. तिसऱ्या थराला आई येऊन उभी राहिली. कडेला पांढरं राहिलंय म्हणाली, आणि ब्रश घेऊन तिनेच ते भरलं.

काकांनी त्या दिवशी मुकाट्याने थिनर दिलं असतं, तर बाटलीभर उपकार मानून मी घरी आले असते. काय बिघडलं ते मला कळलंही नसतं. त्यांच्या नकाराचे उपकार मी कसे मानू, हे मला अजून सुचलेलं नाही.

रंग पक्का वाळल्यावर मी ते घालून मळ्यातून परतले तेव्हा आई गल्लीच्या तोंडाशी उभी होती. मी गाडी थांबवली. ती दचकली नाही. जवळ येऊन तिने माझ्या हनुवटीखाली बोट घालून पाहिलं.

"पट्टा सैल आहे तुझा," ती म्हणाली, आणि ओढून घट्ट केला.