हत्तीला लागलेला हात

माझी सून बुद्धिबळ खेळते. लोक विचारतात, ते ठीक, पण करते काय? मी सांगते, हेच करते, आणि तुमच्या चिरंजीवांपेक्षा जास्त डोकं लावून करते.

त्या दिवशी स्पर्धेचा शेवटचा डाव होता. बरोबरी झाली तरी देशाच्या संघात तिची जागा पक्की. हरली तर ती जागा समोरच्या चष्मेवालीची. दोन बाळंतपणांनंतर पुन्हा पटावर बसलेल्या बाईला अशी संधी परत कोण देतंय? मी दोरीच्या अलीकडे पहिल्या रांगेत होते. तिथे बघणाऱ्यांनी ब्रसुद्धा काढायचा नाही. मला गप्प बसवणारी ती पहिलीच जागा.

चष्मेवाली चाल करून पाणी प्यायला उठली. सुनेनं हत्तीवर बोटं टेकवली आणि चटका बसल्यासारखी मागे घेतली. चेहरा पांढराफटक. मला खेळातलं ओ की ठो कळत नाही, पण सून कळते.

नेमकी चष्मेवाली परतली. तिनं पंचांना खूण केली. "हत्तीला हात लावलाय. आता हत्तीच हलवायला हवा."

नियमच आहे तसा. ज्या सोंगटीला हात लावला तीच खेळायची. नुसती घरात नीट सरकवायची असेल तर आधी तोंडानं सांगायचं. पण समोर माणूसच नाही तर सांगणार कोणाला?

पंच वाकून म्हणाले, "सोंगटी सरळ करत होतात का? मी पाहिलं नाही. तुम्ही म्हणाल ते धरतो."

ही बया घरात चमचेसुद्धा एका रांगेत लावते. येताजाता माझ्या चपला सरळ करते. 'हो' म्हणाली असती तर कोणाला संशय आला नसता. घड्याळातले आकडे उतरत होते. मी अर्धी उठलेच. म्हण, बये, हो म्हण. तिनं माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली. तिनं नजर काढून घेतली.

"नाही. खेळायलाच धरला होता."

मी धपकन खाली बसले. हत्ती हलला, त्यामागे उभा असलेला उंट फुकट गेला. मग राजाला घेऊन ती या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात पळत राहिली. शेवटी तिनं स्वतःच हात पुढे केला. हरली.

बाहेर व्हरांड्यात तिचे शिकवणारे सर तावातावानं आले. "अगं, एक शब्द तर बोलायचा होता."

"सर," मी म्हटलं, "तिला बोलायला घरात मी आहे. तुम्ही उंट सांभाळायचं शिकवा."

ते गेले. सून हळूच म्हणाली, "आई, मान तर तुम्हीच हलवलीत."

"अवघडली होती."

ती हसायला गेली आणि रडूच फुटलं. मी तिच्यासमोर अशी उभी राहिले, की येणाऱ्याजाणाऱ्याला फक्त माझी पाठ दिसावी.