धुळ्याला जाण्यास असमर्थ

“‘सदर अर्जदार ही अबला स्त्री असून, सोबत पुरुष माणूस असल्याशिवाय जळगाव ते धुळे हा प्रवास करण्यास सर्वस्वी असमर्थ आहे,’” चोरडिया वकिलांनी परिच्छेद सात मोठ्याने वाचला आणि चष्म्यावरून समोर पाहिलं.

समोर हेमलता सपकाळे खाकी गणवेशात बसली होती. ती जळगाव-धुळे एसटीची कंडक्टर. आठ वर्षांपासून रोज धुळ्याला जाऊन येत होती. आत्ताही तिथूनच आली होती.

“पुरुष माणूस असतो की सोबत,” ती म्हणाली. “पन्नास-साठ असतात. धुळं आलं की मीच उतरवते त्यांना.”

“ताई, थट्टा नको. धुळं वेगळा जिल्हा. तिथली केस उचलून जळगावच्या कोर्टात ठेवायचा अधिकार हायकोर्टाचा. त्यांना तशी गरज वाटली पाहिजे. बाई पाहून वाटते. कंडक्टर पाहून वाटत नाही.”

केस जगदीशने, म्हणजे तिच्या नवऱ्याने घातली होती. त्याचं धुळ्यात मोबाईलचं दुकान. बायको नोकरी सोडून नांदायला येत नाही, सबब घटस्फोट हवा. अकरा तारखा झाल्या. जगदीश एकाही तारखेला उगवला नाही. त्याचा वकील येई आणि पुढची तारीख घेऊन जाई. हेमलताची बस धुळ्याच्या स्टँडवर चाळीस मिनिटं थांबे आणि कोर्टात तिचा पुकारा दुपारी चारला होई. म्हणजे दर तारखेला एक रजा. रजा संपत आल्या होत्या. जगदीशला तेच हवं होतं: कंटाळून ती नोकरी तरी सोडेल, नाहीतर घटस्फोटाच्या कागदावर सही तरी करेल. केस जळगावला आली असती, तर सकाळची फेरी करून ती चारच्या आत कोर्टात पोचली असती.

“वकीलसाहेब, तिकडे त्याने लिहिलंय, मी हेकट आहे, कोणाला जुमानत नाही. इकडे तुम्ही लिहिता, मी एकटी घाबरते. दोन्ही कागदांखाली ‘हे सर्व खरे आहे’ म्हणून लिहिलंय. मी नेमकी कोण, ते एकदा ठरवा.”

सही न करताच ती उठली.

दुसऱ्या दिवशी वाटेत पारोळ्याला चहा पिताना तिने हे ड्रायव्हर तोतारामनानांना सांगितलं. नानांची नोकरीची दोन वर्षं उरली होती आणि जगातल्या कुठल्याच गोष्टीसाठी ते हॉर्नवरचा हात काढत नसत.

“करी टाक ना व सही,” नाना म्हणाले. “बठ्ठा लोक असंच लिखतस. कागदले काय लाज शे?”

“मला आहे ना, नाना.”

“मंग हारी जाशी!”

“हरेन. पण ‘घाबरते’ असं सही करून वर तुमच्या गाडीत तिकिटं फाडायची? पब्लिक हसेल.”

संध्याकाळी तिने परिच्छेद सात स्वतः सांगितला. ‘मी धुळ्याला रोज जाते. तिथे कामाला जाते. ज्याने केस घातली तो स्वतः येत नाही, म्हणून मी रजा घालवायला तयार नाही. जळगावला मी कामावरून वेळेवर हजर राहीन.’ वकिलांनी ते एखाद्याचा मृत्युलेख टाईप करावा तसं टाईप केलं.

औरंगाबादच्या खंडपीठात जगदीशच्या वकिलाने एक फोटो लावला होता. एका आडदांड माणसाची कॉलर धरून हेमलता त्याला बसमधून खाली उतरवत होती.

“या तुम्हीच?” न्यायमूर्तींनी विचारलं.

“हो साहेब. बिडी ओढत होता.”

कोर्ट थोडं हसलं. अर्ज मात्र नामंजूर झाला. आदेशात म्हटलं होतं, ‘अर्जदार धैर्यवान व स्वावलंबी असून, धुळ्याचा प्रवास तिचा नित्याचा आहे.’

“माझा परिच्छेद ठेवला असता तर…” बाहेर आल्यावर चोरडिया म्हणाले.

“तर हे वाक्य मिळालं असतं का?” हेमलताने आदेशाच्या दोन नकला मागितल्या. एक स्वतःसाठी, दुसरी धुळ्याच्या केसमध्ये लावायला. नवऱ्यालाही वाचू दे.

बाराव्या तारखेला तिच्याकडे दोन रजा शिल्लक होत्या. त्यातली एक टाकून ती धुळ्याच्या कोर्टात अकरापासून बाकावर बसली. चार वाजता जगदीशच्या नावाचा तीनदा पुकारा झाला. कोणी आलं नाही. मग तिच्या नावाचा झाला.

“हजर!”

आवाज पुढच्या दारापासून मागच्या सीटपर्यंत पोचवायची सवय. मागच्या बाकावर पेंगणारा एक म्हातारा दचकून उठला आणि पिशवी घेऊन दाराकडे निघाला.

जगदीशच्या वकिलाने तारीख मागितली. न्यायाधीशांनी तिच्याकडे पाहिलं. “तुमचं काही म्हणणं?”

“द्या साहेब. मी पुन्हा येईन.”

कारकुनाने रोजनाम्यात लिहिलं, ‘पती गैरहजर. पत्नी स्वतः हजर.’ हेमलता टेबलावर वाकली, बोट ठेवून ते दोनदा वाचलं आणि मगच बाजूला झाली.