डोहात उतरलेला कुकर

मित्रांनो, मी एक जुना कुकर आहे. हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या.

उस्मानपुऱ्यात अनसूयाबाईंच्या ओट्यावर माझी उभी हयात गेली. पाहुण्यांनी डाळीची तारीफ केली की मी हळूच फुगायचो. मग सूनबाई, पद्मजाताई, आतून झाकण बसणारा नवा चकचकीत कुकर घेऊन आल्या आणि माझी रवानगी माळ्यावर झाली. लई राग आला मला. अजूनही येतो!

पद्मजाताई कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवतात. सिल्लोडकडचा कडूबा भोई त्यांच्या ओळखीचा. एका वैशाखात तो घरी आला, तो रडवेला होऊनच.

"ताई, आमचे सरपंच, तात्यासाहेब, डोह मुरूम टाकून बुजवायला निघालेत. म्हणत्यात, पाणी मेलंय, मासा नाय. असंल तर धरून दाखव."

"मग धरा की!"

"मरळ हाय आत, पण लेकरांपाशी हाय. तिच्यावर आम्ही जाळं टाकत नाय. पोट जाईल माझं, पर टाकणार नाय."

"मग पाण्यातच तिचं शूटिंग करू," ताई म्हणाल्या.

पाण्यात चालणारा महागडा कॅमेरा कुठून आणायचा? ताईंनी नव्या कुकरच्या बुडाला भोक पाडून काच डकवली आणि तो हौदात बुडवला. बुडबुडेच बुडबुडे! त्याचं झाकण आतून वाफेनं दाबलं की घट्ट व्हायचं. पाण्यानं बाहेरून दाबताच सैल पडलं. नशीब, कॅमेरा अजून ठेवला नव्हता.

"माझा काढा," अनसूयाबाई कडाडल्या. "त्याचं झाकण वरून बसतं. दाबू दे पाण्याला किती दाबायचं ते!"

माझ्या बुडाला काच आली, शिट्टीच्या जागी बोल्ट आला, पोटात छोटा कॅमेरा आला. कडूबानं दोन धोंडे बांधून मला दोरानं डोहात सोडलं. पाणी चहूकडून दाबू लागलं. दाब म्हणे! जन्मभर दाब सोसलेल्याला दाब दाखवता? एक थेंब आत घेतला नाही मी.

आणि ती दिसली. काळी, लांब मरळ आणि तिच्यावर तांबड्या पिलांचा घोळका. मला पाहताच ती सरळ काचेवर धावून आली. खरं सांगतो, मी घाबरलो.

शाळेत सगळ्या गावानं ते टीव्हीवर पाहिलं. मरळ अंगावर आली तसे तात्यासाहेब खुर्चीसकट मागे सरकले. गाव पोट धरून हसलं.

"व्हय रे कडूबा, हाय की!" ते कपाळ पुसत म्हणाले. "मुरूम दुसरीकडं टाका."

कडूबा उपरण्यात तोंड घालून रडला.

आता दर उन्हाळ्यात मी डोहात उतरतो. ताई, माझं रबर मात्र वेळेवर बदलत जा, एवढी कदर कराच. भंगारवाला दारात ओरडतो, ओरडू दे. मित्रांनो, कुठल्याही भांड्याला किंवा पाण्याला मेलेलं म्हणण्याआधी आत डोकावून बघा. आणि डोकावताना जरा जपून. आत कुणाची तरी लेकरं असतात, आणि त्यांची आई अंगावर येते.