सेदूचा आदर

सकाळी आई गेली, आणि दुपार व्हायच्या आत तांगा निकिएमा मोटारसायकलवरून सेदू टोएच्या गावाला निघाला. निरोप दुसऱ्या कोणाकडून धाडता आला असता. परंतु या घरी तो स्वतःच न्यायला हवा होता. तांगा मोशी, सेदू सामो. या दोन जमातींत पिढ्यान्‌पिढ्या थट्टेचे नाते: एकमेकांना गुलाम म्हणायचे, शिव्या घालायच्या, आणि कोणी रागवायचे नाही. मोशी घरातले वडीलधारे माणूस गेले, की सामोने यावे, मृताची नक्कल करावी, खणलेल्या कबरीत आडवे पडावे आणि बाजरीच्या दारूचा माठ हाती आल्याखेरीज उठू नये.

बावीस वर्षांपूर्वी तांगाच्या वडिलांच्या कबरीत सेदूच उतरला होता. तांगा तेव्हा आपला पहिला चित्रपट करीत होता. कॅमेरा चालू होता.

"अरे ए मोशी, जन्मभर तुझ्या बापानं माझ्या शेंगा चोरल्या, आता माझी झोपायची जागाही चोरतोय होय?" सेदू खड्ड्यातून ओरडत होता, आणि रडती आई तोंडावर हात धरून हसत होती. तांगाने पुढे पाच चित्रपट आरंभले, दोन पुरे केले. कबरीतल्या त्या चार मिनिटांच्या चित्रणाइतके खरे त्याच्या हातून पुन्हा काही उतरले नाही.

आणि तीच चार मिनिटे त्याने कापली. "आमच्याकडच्या लोकांना कळायचं नाही हो," पैसा पुरविणारी परदेशी बाई म्हणाली होती. "वडील गेलेत आणि माणसं हसतायत?" तांगाने तीन दिवस वाद घातला आणि चौथ्या दिवशी कात्री आपल्याच हाती घेतली. चित्रपटाला परदेशात पारितोषिक मिळाले. पुढे तो इकडे वाहिगुया शहरात दाखविला, तेव्हा सेदू स्वतःला पडद्यावर पाहायला ट्रकभर सामो घेऊन आला होता. खेळ संपल्यावर तांगा शिव्यांची वाट पाहत उभा राहिला. त्या त्याने आनंदाने झेलल्या असत्या. सेदूने टोपी काढली. "छान झालाय पिक्चर, साहेब."

तेव्हापासून बाजारात, लग्नात, कुठेही भेट होवो, सेदू त्याला साहेबच म्हणत आला. ज्याने गुलाम म्हणायचे त्याने साहेब म्हटले, की नाते तुटायला भांडणाची गरज उरत नाही.

सेदू छपराखाली दोर वळीत बसला होता.

"आई गेली," तांगा म्हणाला.

सेदू उठून उभा राहिला. "फार वाईट झालं, साहेब. बसा. पाणी घ्या."

"बसायला नाही आलो. खड्डा खणतायत. त्यात पडायला काय तुझा आजोबा येणार, शेंगचोरा?"

आत सेदूची बायको फिसकन हसली. सेदूने तिकडे पाहिले. ती गप्प झाली.

"येणार ना. काकूंच्या हातचं जेवलोय मी."

"माझं चुकलं, सेदू. तो तुकडा मी किती शोधला. फिल्म धुणारी ती प्रयोगशाळाच बंद पडलीय."

"चुकलं कसं? पिक्चर तुमचा, घर तुमचं, बाप तुमचा. मी आपला पाहुणा."

संध्याकाळी सेदू आला. इस्त्रीचा झगा घालून पाहुण्यांच्या रांगेत, मान खाली घालून उभा राहिला. खणणारे कबरीतून वर आले आणि सवयीने थांबले.

"कुणी उतरत का नाही रे?" तांगाच्या आत्याने विचारले. "सामो मेले की काय सगळे?"

माणसे सेदूकडे पाहू लागली. तांगा त्याच्याजवळ गेला. "माझ्यासाठी नको. तिच्यासाठी."

सेदूचे ओठ हलले. क्षणभर तांगाला वाटले, आता तो जुना आवाज फुटणार.

"काकूंना शांती लाभो, साहेब."

खणणारे आता तांगाकडे पाहत होते. वाट अडवायला कोणी नव्हते, दारूचा माठ मागायला कोणी नव्हते. त्याने हात वर करून खूण केली. आई कोणत्याही अडथळ्याविना खाली गेली आणि माती पडू लागली.

"किती लवकर झालं," आत्या म्हणाली.