तिसरा नकार

"तुझं म्हणणं असं, की मी जेवताना बोलत नाही," गेलन म्हणाला. दोन्ही हात गुडघ्यांवर, नजर लव्हॉनच्या बुटांवर. "बरोबर ऐकलं का मी?"

"नाही. मी म्हणाले, तू जेवताना टीव्हीशी बोलतोस."

"तेच ते."

"तेच नाही," समुपदेशक बाई हसत म्हणाल्या. त्यांचं नाव मारिसोल. वयाने या दोघांच्या मुलापेक्षा लहान. "पुन्हा एकदा, गेलन. उत्तर द्यायचं नाही, बाजू मांडायची नाही. तिचं वाक्य फक्त तिला परत द्यायचं."

"मी जेवताना टीव्हीशी बोलतो," गेलन म्हणाला. मग त्याला राहवलं नाही. "पण बाई, तो पंच खरंच आंधळा होता."

मारिसोलना हसू आलं. लव्हॉनलाही आलं असतं, पण तिने ते गालातच दाबून ठेवलं. खालच्या मजल्यावर दातांचा दवाखाना होता. तिथलं यंत्र मधूनच किंचाळायचं आणि तेवढ्यापुरते तिघेही गप्प बसायचे.

गेलन टॉर्गसन घर गरम ठेवणाऱ्या, तळघरातल्या भट्ट्या दुरुस्त करायचा. उत्तर मिनेसोटात सहा महिने भट्टीवरच जगावं लागतं, त्यामुळे गावातल्या प्रत्येक तळघरात तो कधी ना कधी उतरला होता. लव्हॉन गावच्या बर्फाच्या रिंकवर लहान मुलांना स्केटिंग शिकवायची. अडतीस वर्षांचा संसार. मोठं भांडण कधी नाही. दोघं समुपदेशनाला जातात हे कळल्यावर गावाला नवल वाटलं आणि मग कौतुकही. या वयातही नातं नीट करायला बघतायत, असं चर्चमधल्या बायका म्हणाल्या.

गेलनलाही तसंच वाटत होतं. लव्हॉनने विषय काढला तेव्हा तो म्हणाला होता, "तुला बरं वाटणार असेल तर जाऊ."

लव्हॉन मात्र नातं नीट करायला आली नव्हती.

ऑक्टोबरात आयरीन स्ट्रँड गेली. लव्हॉन नऊ वर्षांची असल्यापासून आयरीनने तिला बर्फावर घडवलं होतं. पुढे आयरीनने सेंट पॉल शहरात जाऊन स्केटिंगची स्वतःची मोठी शाळा काढली. "मला जोडीला कोणी लागलं तर पहिलं नाव तुझंच," असं जाताना म्हणाली. पण नंतर काहीच कळवलं नाही. दोन वर्षांनी आयरीनने जोडीला दुसरीच मुलगी घेतल्याचं कानावर आलं. तेव्हा लव्हॉन चौतीस वर्षांची होती. आयरीनला शब्दाची किंमत नाही, हे तिने मनात पक्कं केलं. शेवटची दोन वर्षं आयरीन गावातच, रिंकसमोरच्या वृद्धाश्रमात होती. लव्हॉन रोज त्या खिडक्यांसमोर गाडी लावायची आणि वर बघायची नाही.

दफनानंतर चर्चच्या तळघरात जेवण होतं. आयरीनची बहीण व्हर्ना ओव्हनमध्ये भाजलेला बटाट्याचा हॉटडिश वाढत होती. लव्हॉनच्या ताटात एक चमचा घालून ती तशीच थांबली.

"आलीस, बरं केलंस पोरी. ती तुझं नाव काढायची गं. शेवटपर्यंत."

"माझं?"

"तू नको म्हणालीस ते तिला फार लागलं होतं. पण राग नाही हो धरला. म्हणायची, आपण तीनदा विचारलं, यापुढे विचारणं बरं दिसत नाही."

"तीनदा कोणाला विचारलं?"

"तुझ्याकडेच फोन केला होता की. गेलनशी बोलणं झालं तिचं, तीनही वेळा." व्हर्नाने चमचा हलवला. "अजून थोडं वाढू?"

"नको."

"थोडंसं?"

"नको, खरंच."

"अगं, एवढंसं तर आहे." आणि व्हर्नाने वाढलं.

गावाची रीतच ती. कोणी काही देऊ केलं तर आधी नको म्हणायचं. दुसऱ्यांदा विचारलं तरी नकोच म्हणायचं. पहिल्या दोन नकारांना कोणी नकार मानत नाही, ती नुसती सभ्यता. हो म्हणायचं ते तिसऱ्या वेळी. आणि तिसऱ्या वेळीही नको म्हटलं, तर मात्र ते खरं. मग पुन्हा विचारणं म्हणजे आगाऊपणा. लव्हॉन ताट हातात घेऊन उभी राहिली. पलीकडच्या टेबलावर गेलन कोणाच्या तरी भट्टीच्या आवाजाची नक्कल करत होता.

घरी बोलून उपयोग नव्हता. गेलन "असेल" म्हणाला असता आणि गॅरेजमध्ये गेला असता. दोन तासांनी बाहेर आला असता तो काहीतरी दुरुस्त करून. तिला तो अशा खुर्चीत हवा होता, की जिच्यामागे गॅरेज नाही. समोर एक साक्षीदार हवा होता. आणि एवढंच नाही. घरात तो आज आहे तसा गुमसुम असताना त्याला सोडून गेलं तर त्याला लागणार किती? आधी त्याला बोलायची गोडी लागू दे. रोज कोणीतरी आपलं ऐकतंय याची सवय होऊ दे. मग.

घाई तिच्या स्वभावात नव्हती.

रिंकवर त्या हिवाळ्यात ब्रिन नावाची सहा वर्षांची मुलगी आली होती. ती बर्फावर यायची आणि खाली बसायची. उठायचीच नाही.

"मी पडेन," ब्रिन म्हणायची.

"पडशीलच. सगळे पडतात. मी काल पडले."

"खोटं."

"हे बघ." लव्हॉनने गुडघे वाकवले, कुल्ल्यावर बाजूला घसरत पडली आणि बर्फावर बसल्या बसल्या तिला डोळा मारला. "असं पडलं की लागत नाही. तू पड बघू माझ्याहून चांगली."

"तुम्ही म्हाताऱ्या आहात. मी चांगलीच पडणार."

त्या तासाला दोघी नुसत्या पडल्या. पुढच्या तासाला ब्रिन उठली, कारण पडायला आधी उठावं लागतं हे तिला आपोआप समजलं. मुलाला ढकललं तर ते कठड्याला घट्ट धरून बसतं. वाट पाहिली तर स्वतःच हात सोडतं. हे लव्हॉनला आयरीनने शिकवलं होतं, आणि त्या हिवाळ्यात ते ती गेलनवर वापरत होती.

गेलननेही हात सोडला.

डिसेंबरात तो जेवताना टीव्ही बंद करायला लागला. एकदा म्हणाला, "मिसेस क्विगलीच्या तळघरात आज बोका होता. मी वाकलो की पाठीवर चढायचा. त्याला पाठीवर घेऊनच बर्नर बदलला." लव्हॉनने त्याचं वाक्य त्याला परत दिलं, तर तो एवढा खूश झाला की बोक्याचं नावसुद्धा सांगितलं. कॅफेत बायकोला घेऊन बसलेला त्याचा मित्र रोली सगळ्यांसमोर म्हणाला, "काय रे गेलन, बायकोचं ऐकायला आता फी भरतोस म्हणे! आमची तर फुकट ऐकवते."

"तू ऐकतोस कुठे?" गेलन म्हणाला. "तिने आत्ता काय म्हटलं ते परत सांग बघू."

रोलीला सांगता आलं नाही आणि रोलीची बायको टाळ्या वाजवत उठली.

मारिसोल म्हणाल्या, की इतकी प्रगती त्यांनी फार कमी जोडप्यांत पाहिली आहे. त्या ॲरिझोनाच्या होत्या, इथे येऊन त्यांना वर्षच झालं होतं. त्यांचं चुकत नव्हतं. उपाय लागू पडला होता, दोघांपैकी एकाला.

कधी कधी लव्हॉनलाच भीती वाटायची. एका रात्री गेलनने पास्टरच्या चालण्याची नक्कल केली आणि ती डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली. मग ती न्हाणीघरात गेली, दार लावलं आणि वृद्धाश्रमाच्या खिडक्या डोळ्यांसमोर आणल्या. त्यांतली एक आयरीनची होती. कुठली, ते तिने कधी विचारलंच नव्हतं. राग पुन्हा जागच्या जागी बसेपर्यंत ती टबच्या काठावर बसून राहिली.

जानेवारीअखेर तिने व्हर्नाच्या घराचा वरचा मजला राहायला बोलून ठेवला. फेब्रुवारीतल्या पहिल्या बैठकीला ती रिंकवरून परस्पर गेली. वाक्य तयार होतं. गेलन त्याच्या कामाच्या व्हॅनमधून आला. टोपी काढून मांडीवर ठेवली, आणि लव्हॉन तोंड उघडणार तेवढ्यात तोच म्हणाला, "आज मी आधी बोलू का?"

मारिसोल पुढे सरकल्या. "बोला ना!"

"हे मी पूर्वीच सांगायला हवं होतं. पण आधी सांगायचं कसं तेच येत नव्हतं." त्याने टोपी फिरवली. "लव्हॉन, आयरीनचा तुला फोन आला होता. सेंट पॉलला ये म्हणून. तू रिंकवर होतीस. मी परस्पर नाही म्हणून टाकलं. मला वाटलं, तू गेलीस तर परत यायची नाहीस. आणि मी तिथे येऊन करू काय? तिथल्या लोकांना माझं काय काम?"

मारिसोलच्या डोळ्यांत पाणी आलं. लव्हॉनला मात्र कोणी हातातलं हिसकावून घ्यावं तसं झालं. चार महिने जपलेली गोष्ट त्याने अशी साधेपणाने टेबलावर ठेवून दिली होती.

"लव्हॉन," मारिसोल हळूच म्हणाल्या, "त्याचं वाक्य त्याला परत द्याल?"

"देते." लव्हॉन ताठ बसली. "तुझं म्हणणं असं, की आयरीनचा एकदा फोन आला. बरोबर ऐकलं का मी?"

गेलन टोपीच्या आत बघायला लागला.

"गेलन. एकदा. बरोबर ऐकलं का?"

खालचं यंत्र सुरू झालं, थांबलं.

"तीनदा," तो म्हणाला.

"हे बघा," मारिसोल म्हणाल्या, "एकदा असो की तीनदा, त्यांनी आपणहून सांगितलं हे फार मोठं..."

दोघांपैकी कोणीच त्यांच्याकडे पाहिलं नाही. एकदा फोन घेऊन माणूस घाबरून नाही म्हणू शकतो. दोनदाही म्हणू शकतो. तिसऱ्यांदा फोन वाजतो तेव्हा तो कशासाठी वाजतोय हे या गावातल्या शेंबड्या पोरालाही कळतं.

"तिसऱ्या वेळी काय सांगितलंस?"

"कशाला आता..."

"सांग."

"म्हणालो, लव्हॉन इथेच उभी आहे. तीच नको म्हणतेय."

तिने खुर्ची त्याच्याकडे वळवली. मग रिंकवर नव्या मुलांशी बोलायची तशा सावकाश, स्वच्छ आवाजात म्हणाली, "आता माझं वाक्य. उत्तर द्यायचं नाही. फक्त परत द्यायचं. मी तुला सोडून जातेय. व्हर्नाकडे वरचा मजला घेतलाय. ऑक्टोबरात मला कळलं, त्याच दिवशी मी ठरवलं होतं. इथे मी तुला बोलायला शिकवलं ते एवढ्यासाठीच."

"लव्हॉन, या पद्धतीचा असा वापर..." मारिसोल उठल्याच.

"राहू द्या, बाई," गेलन म्हणाला. त्याने टोपी बाजूला ठेवली आणि चार महिन्यांत शिकला होता तसा तिच्या डोळ्यांत बघून बोलला. "तुझं म्हणणं असं, की तू मला सोडून जातेस. ऑक्टोबरपासून ठरलंय. तो बोका, ते पास्टरचं चालणं, तू हसलीस ते... ते सगळं त्यातलंच. बरोबर ऐकलं का मी?"

हसली ते त्यातलं नव्हतं. पण तिने सांगितलं नाही.

"बरोबर."

"थांबशील का?"

"नाही."

"लव्हॉन, थांब ना."

"नाही."

तिसरा नकार तिने जिभेवर तयार ठेवला. त्याच्यासाठीच ती एवढी थांबली होती. गेलनने तिच्याकडे पाहिलं आणि त्याला ते दिसलं असावं. तिसऱ्यांदा त्याने विचारलंच नाही. त्याने टोपी घातली, कोटाची चेन वर ओढली, मारिसोलना म्हणाला, "तुमच्या खालच्या भट्टीचा पंखा घासतोय. मालकाला सांगा," आणि दार उघडून लव्हॉनसाठी धरून ठेवलं.

बाहेर तासाभरात गाड्यांवर बर्फाचा कडक थर बसला होता. लव्हॉन आपल्या गाडीत जाऊन बसली. समोर सगळं पांढरं. किल्ली फिरवली, तेवढ्यात काच खरवडल्याचा आवाज यायला लागला. आधी पांढऱ्यात एक पट्टा उघडला, मग दुसरा, मग त्यातून गेलनचा हातमोजा दिसला, बाही दिसली, हनुवटी दिसली. तो घाई करत नव्हता. समोरची काच झाल्यावर त्याने वायपर उचलून त्यांच्या पट्ट्या पुसल्या, हळूच खाली ठेवल्या. मग बाजूच्या काचा. मग मागची. तोपर्यंत तिला निघता येत नव्हतं, हात मांडीवर ठेवून बसून राहावं लागलं.

शेवटी त्याने बॉनेटवर तळहाताने दोनदा थाप मारली. जा आता. आणि आपल्या व्हॅनकडे गेला. व्हॅनच्या सगळ्या काचा पांढऱ्या होत्या. त्याने दार ओढून उघडलं, आत बसला आणि काचा तशाच ठेवून दार लावून घेतलं.