सरांचं नाव आधी

आमच्या महाराष्ट्र मंडळाच्या दिवाळीच्या नाटकात पडदा ओढणाऱ्याचंसुद्धा नाव माइकवरून घेतात. राहिलं तर लोक वर्षभर रुसून बसतात. म्हणून यूनकाकांची गोष्ट कळली तेव्हा माझं डोकंच फिरलं.

यूनकाका इकडे कॅलिफोर्नियात सनीव्हेलमधले आमचे शेजारी, कोरियातल्या सोलहून लेकीकडे राहायला आलेले. मीच त्यांना काका म्हणायला लागले. तिकडे ते सिनेमे लिहायचे आणि उभेही करायचे, म्हणजे नट जमवण्यापासून जेवणाचे डबे मागवण्यापर्यंत सगळं. त्यांच्या सगळ्यात गाजलेल्या सिनेमात एक कोळीण समुद्रात बेपत्ता झालेल्या मुलासाठी रोज भाताचा वाडगा झाकून ठेवते. ती त्यांची आई, आणि बेपत्ता झालेला त्यांचा थोरला भाऊ. पण पडद्यावर लेखक म्हणून नाव कुणाचं, तर दिग्दर्शकाचं.

"ते माझे सर," काका म्हणाले. "सरांकडे नाव मागायचं नसतं. ते आपणहून देतात."

"मग दिलं?"

"पुढच्या सिनेमात देणार होते."

पुढच्या, आणि मग त्याच्याही पुढच्या. यातच या माणसाची सगळी उमेद गेली. ऐकूनच चीड येते की नाही सांगा.

२००६ मध्ये त्या कोळिणीच्याच सिनेमावरून इकडे अमेरिकन सिनेमा निघाला. सॅन फ्रान्सिस्कोला खास शो होता आणि सर स्वतः येणार होते. मी ऑफिसला दांडी मारली आणि काकांना गाडीत घातलं.

"आज सगळ्यांसमोर विचारायचं," मी बजावलं. "नाव हवंय म्हणायचं." काका ठेवणीतला सूट घालून बसले होते.

सिनेमा संपला. पडद्यावर मूळ कथा म्हणून पुन्हा सरांचंच नाव. मग सर स्टेजवर आले आणि दुभाष्यामार्फत सांगायला लागले की ही बाई त्यांना एकदा फिरायला गेले असताना सुचली. सुचली म्हणे. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

प्रश्न विचारायची वेळ आली आणि काका उठले. सरांना कमरेत वाकून नमस्कार केला आणि नुसते उभे राहिले. सर त्यांच्याकडे बघत होते, चांगले बघत होते. मग दुभाष्याला काहीतरी म्हणाले.

"सर आपलं नाव विचारताहेत," दुभाष्या म्हणाला.

आता मात्र मला राहवेना. मी उठले आणि इंग्रजीत ठणकावून सांगितलं, "ही गोष्ट यांनी लिहिली आहे. ती बाई यांची आई आहे."

सरांनी काकांना कोरियनमध्ये काहीतरी विचारलं. काका हळू आवाजात काही बोलले. त्यावर सर मोठ्याने हसले, आणि दुभाष्याने सांगितलं की जुनी ओळख आहे, दोघांची थट्टा चालली आहे. लोकांनी टाळ्या वाजवल्या. काका खाली बसले.

परतताना मी गाडीत ताडताड बोलत सुटले. "मला खोटं पाडलंत ना? त्या नालायक माणसासाठी? अहो, तुमची आई आपली म्हणून खपवली त्याने. आणि तुम्ही खुशाल नाही म्हणालात."

"मी नाही म्हणालो नाही," काका म्हणाले. "त्यांनी विचारलं, ही बाई म्हणते ते खरं का? मी म्हटलं, सर, तुम्हीच सांगा."