डोक्यानं मारलेले गोल

देशाच्या फुटबॉल संघाचा कोच संघपाल इंगळे याला पहिला धक्का बसला तो एका सराव सामन्यात. सत्तराव्या मिनिटाला खेळाडू बदलायचा होता, पंच पाटी घेऊन थांबले होते, आणि ज्याला आत पाठवायचं त्याचं नावच आठवेना. पोरगा दोन वर्षं त्याच्याच हाताखाली होता. शेवटी त्यानं नुसतं बोट दाखवलं. सहायक कोच हसला, "सर, दमलात!" संघपालही हसला.

पुढं असं तीनदा झालं. मग तो सामन्याआधी खेळाडूंची नावं तळहातावर लिहून घेऊ लागला.

वडनेर भोलजीच्या शाळेत माणिकराव सरांनी त्याला घडवलं होतं. पोरगा ताडमाड उंच. सर दोरीला बॉल टांगायचे आणि रोज दोनशे हेडर मारायला लावायचे. पोलिसांच्या संघातून तो देशाच्या संघात गेला, अकरा वर्षं स्ट्रायकर म्हणून खेळला. चौतीस गोल केले, त्यातले एकवीस डोक्यानं. दोनदा मैदानातच बेशुद्ध पडला. दोन्ही वेळा उठून पुन्हा खेळला, आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या.

आशियाई स्पर्धेला बारा दिवस उरले असताना गावानं सत्कार ठेवला. तो आटोपून संघपाल एकटाच गाडी घेऊन खामगावला निघाला, थोरल्या बहिणीकडे. धम्मशीलाताई तिथं नर्स होती.

खामगावात शिरून एका कापसाच्या जिनिंग कारखान्याच्या भिंतीपाशी आला आणि डोक्यातलं सगळं पुसलं गेलं. कापसाच्या गाड्या रांगेनं उभ्या होत्या. याच गावात त्यानं कॉलेजची तीन वर्षं काढली होती. आता कोणता रस्ता कुठं जातो ते कळेना. आपण कोणाकडे निघालो, तेही कळेना. भरदुपारी तो घाबरला. गाडीतून उतरून समोरच्या रसवंतीवाल्याला विचारावं म्हणून तोंड उघडलं, तोच तो माणूस धावत आला.

"अरे, कोच साहेब! संघपालभाऊ! एक फोटो काढू द्या ना!"

ज्यानं आपल्याला ओळखलं, त्यालाच 'मी कुठं आहे' असं कसं विचारायचं? संघपाल फोटोसाठी हसला. तेवढ्यात खिशातला फोन वाजला.

"कुठी राह्यला रे? जेवण थंड होऊन राह्यलं."

आवाज कानावर पडला तशी ताई आठवली. "ताई, मले रस्ता सापडून नाई राह्यला."

ती हसली. मग हसायची थांबली. "समोर काय दिसते तुले?"

"भिंत. कापसाच्या गाड्या."

"गाडीची चाबी काढ. हलू नको तिथून. मी येऊन राह्यली."

घरी ताईनं ताट वाढलं.

"कोणाले सांगू नको ताई. स्पर्धा होऊ दे, मंग पाहू."

"अन् मैदानावर असं झालं तं?"

"सहायक आहे ना."

"मंग त्यालेच पाठव."

संघपालनं ताट बाजूला सारलं. "तुले काय समजते? पस्तीस वर्षं डोकं फोडलं म्या याच्यासाठी!"

बोलला, आणि त्याचा हात आपोआप कपाळाकडे गेला. ताईनं ताट पुन्हा त्याच्यापुढं ओढलं.

दुसऱ्या दिवशी तिनं त्याला अकोल्याला नेलं. तपासण्या झाल्या. डॉक्टर म्हणाले, डोक्याला वर्षानुवर्षं बसलेले मार हे कारण असू शकतं, पण खात्रीनं सांगता येत नाही. वाढेल का? कदाचित. किती वेगानं, ते चार महिन्यांनी पुन्हा तपासल्यावर कळेल. त्या 'कदाचित'नं संघपालची झोप उडाली.

त्यानं फुटबॉल महासंघाला तीनदा फोन लावला आणि तीनदा कापला. चौथ्यांदा ताई शेजारी येऊन बसली, तेव्हा बोलला.

प्रकृतीच्या कारणामुळे कोच येणार नाहीत, एवढीच बातमी छापून आली. संघ निघायच्या दिवशी सकाळी कप्तान इबोम्चाचा फोन आला. "सर, खरं काय झालंय?"

संघपालनं सगळं सांगितलं.

"सर, महिनाभर झाला. कॉर्नर डोक्यावर घेतला की मला एकाचे दोन दिसतात. कोणाला बोललो नाही. स्पर्धा आहे ना."

संघपाल उठून उभा राहिला. रसवंतीपाशी वाटली होती त्याहून मोठी भीती त्याला आता वाटली.

"फोन ठेवू नकोस. संघाचे डॉक्टर कुठं आहेत?"

"खालच्या मजल्यावर."

"चालायला लाग. मी ऐकतोय."

जिन्यावर पावलं वाजू लागली. मध्येच थांबली.

"सर, त्यांनी मला संघातून काढलं तर?"

"काढतील," संघपाल म्हणाला. "चल पुढं."

पावलं जागची हलेनात. संघपालनं फोन कानाशी घट्ट धरला. बऱ्याच वेळानं ती पुन्हा वाजू लागली, आणि मग दारावर टकटक ऐकू आली.